उंबऱ्यातला खिळा

उन्हाळ्याच्या सुट्टीत भाची माझ्याकडे नाशिकला होती. पोहण्याचा क्लास, दातांचे डॉक्टर, शाळेचे नवे बूट, सगळं मी आधीच ठरवून ठेवलं होतं. शेवटच्या रविवारी मुलांचा ॲनिमेशन सिनेमा. तो भुतांचा आहे हे तिकिटं काढल्यावर कळलं. माझी धाकटी बहीण, तिची आई, हिवाळ्यातच गेली होती. मी बेत रद्द करत होते, पण पोरगी ऐकेना.

सिनेमात एक छोटं भूत गावात येतं. त्रास कोणालाच देत नाही, तरी लोक घाबरून दारं लावून घेतात. बाकीची मुलं हसत होती. हिने मांडीवरच्या पॉपकॉर्नला हातही लावला नाही.

रिक्षात तिने विचारलं, "मावशी, आमच्या उंबऱ्यात खिळा ठोकलाय, तो आईसाठीच ना?"

बहीण बाळंतपणात गेली, बाळ वाचलं. अशी बाई बाळासाठी परत येते, पण खिळा ओलांडत नाही म्हणतात, म्हणून तिच्या सासूने सिन्नरच्या घराच्या उंबऱ्यात खिळा मारून घेतला होता.

"कोणी सांगितलं तुला?"

"कोणी नाही. ठोकत होते तेव्हा मी तिथेच होते."

दुसऱ्या दिवशी तिला पोचवायला सिन्नरला गेले. तिने चपला काढल्या आणि पायरीवरच बसली. "आधी तो खिळा काढा. मग येते."

आजी बाळाला खांद्यावर घेऊन दारात आली. "नाय काढायचा, बाई. तुझी आई लय गुणाची होती. पण जीव ह्याच्यात अडकलाय तिचा. घेऊन गेली म्हंजे?"

"नाही नेणार. नुसती बघेल. तिने त्याला बघितलंच नाहीये."

आजीने बाळाच्या डोक्यावर पदर ओढला आणि ती उंबऱ्यापासून मागे सरकली.

भाचीचे वडील आतून पक्कड घेऊन आले. उंबऱ्याशी उकिडवे बसले. खिळ्यावर पक्कड लावली, तेवढ्यात बाळ शिंकलं. त्यांचा हात थांबला. थोड्या वेळाने ते उठले, पक्कड ठेवून आले आणि लेकीचं ताट बाहेर पायरीवर आणून दिलं. तिच्या शेजारी बसले. दोघांपैकी कोणी जेवलं नाही.

माझ्या बसची वेळ झाली. तिची बॅग माझ्या हातातच होती. ती आत ठेवायची की परत न्यायची, एवढं साधं मला त्या घरात कोणालाच विचारता येईना.