कान्याची मात्रा झाली तेव्हा

प्रा. नारायणराव इंगोले सरांची आणि माझी ओळख वादानं झाली, आणि त्यात चूक माझी होती. मी मूर्तिजापूरहून अमरावतीला एम.एस्सी.साठी आले होते. गणिताच्या पहिल्याच तासाला सरांनी टेबलावर दोन नादकाटे उभे केले. एकाला टोला दिला आणि लगेच मुठीत धरून गप्प केलं, तर शेजारचा, ज्याला कुणी हातही लावला नव्हता, तो गुणगुणत होता. "सर, हे भौतिकशास्त्र झालं. गणित कुठे आहे?" मी सगळ्या वर्गासमोर विचारलं. सर शांतपणे म्हणाले, "काहून वं पोरी, घाई हाय का? गणित मांगून येऊन राहिलं." वर्ग हसला आणि मी गाल फुगवून बसले.

मागून आला तो सरांचा स्वव्यस्त अनुनादाचा सिद्धांत. मजकूर गुप्त करायची रीत एक आणि उघडायची दुसरी, असं आम्ही शिकलो होतो. सरांचा प्रश्न साधा होता: दुसरी रीत हवीच कशाला? प्रत्येक अक्षराला एक स्वर द्यायचा, किल्लीलाही एक स्वर. दोघांचा अनुनाद झाला की अक्षराची लाट उलटते आणि मजकूर कुणालाच वाचता येत नाही. तीच किल्ली पुन्हा लावली की लाट पुन्हा उलटते, म्हणजे सुलटी होते. घरी आईला हे समजावताना मी उशीचा अभ्रा दोनदा उलटून दाखवला. आई म्हणाली, "एवढ्यासाठी अमरावतीले गेली का?"

याच सिद्धांतावर मी सरांकडे पीएच.डी. केली. तोवर लग्न होऊन मी अकोल्याच्या एका महाविद्यालयात शिकवू लागले होते, आणि तिथली माझी नोकरी कायम होणं या पदवीवर अडलेलं होतं.

खुल्या मौखिक परीक्षेत प्रात्यक्षिक दाखवायचं होतं. नमुन्याचा मजकूर पुस्तकातला घ्यायचा नाही, असा सरांचा कटाक्ष. ते म्हणत, ओळखीचं वाक्य असलं की डोळा चूक आपणच दुरुस्त करून घेतो. म्हणून मी मावशीचं पत्र घेतलं. मजकूर आधी बंद केला, मग त्याच किल्लीनं उघडला, आणि पडद्यावर मावशी बोलू लागली: "तू काहून येऊन नाही राहिली? मले करमत नाही. तुले कुरडया पाठवतो."

पुण्याहून आलेले परीक्षक चष्मा वर-खाली करत वाचत होते. मग गंभीरपणे म्हणाले, "उकल सदोष आहे. जिथे तिथे 'ला'चा 'ले' झालाय. शिवाय लिहिणाऱ्या बाई आहेत, तर 'पाठवते'चं 'पाठवतो' कसं झालं?"

अख्खं सभागृह हसलं. विभागप्रमुखांनी त्यांना आमची वऱ्हाडी समजावून सांगितली: इथे 'ला'चं 'ले'च होतं, आणि बायाही 'पाठवतो'च म्हणतात. परीक्षक दिलदार माणूस. स्वतःही हसले आणि सहीसाठी पेन काढलं. मी मनातल्या मनात पेढे वाटूनही टाकले होते.

सर मात्र हसले नव्हते. त्यांनी मावशीचं मूळ पत्र उघडलं होतं आणि बोट ठेवून एकेक अक्षर पडद्याशी ताडत होते. "थांबा," ते म्हणाले. "सायेब बरोबर हायेत. एका जागी खरंच चुकलं."

पत्राच्या शेवटी, शिकलेल्या भाचीला लिहितेय म्हणून असेल, मावशीनं एकदाच शुद्ध लिहिलं होतं: "मला विसरू नको." पडद्यावर होतं, "मले विसरू नको." कान्याची मात्रा झाली होती. आमच्यापैकी कुणाला ती खटकणंच शक्य नव्हतं. आम्ही तसंच बोलतो. मी टंकलेला मजकूर तपासला, त्यात 'मला'च होतं. म्हणजे चूक माझ्या हाताची नव्हती, सिद्धांताची होती. सरांनी ते स्वतःच्या तोंडानं सगळ्यांना सांगितलं. पेन परत खिशात गेलं.

खोटं कशाला बोलू, त्या दिवशी मला सरांचा भयंकर राग आला. हातातोंडाशी आलेला घास त्यांनी हिसकावला, असंच वाटलं. एक कानाच तर होता, गप्प बसले असते तर काय बिघडलं असतं? मी नमस्कारही न करता निघाले.

तिसऱ्या दिवशी सर एस.टी.नं अकोल्याला आले, ते थेट आमच्या प्राचार्यांकडे. मी अर्धवट उघड्या दाराबाहेर उभी होते. आतून ऐकू आलं, "चूक माह्या सिद्धांताची हाय. तिले कायले शिक्षा? नोकरीचं तेवढं थांबवा, काढू नका." माझ्या वडिलांच्या वयाचा तो माणूस कुणासमोर कधी हात जोडत नसे. त्या दिवशी त्यांनी जोडले, आणि प्राचार्यांनी मुदत दिली.

पुढचं दीड वर्ष दर शनिवारी सर आमच्या घरी येत. माझी मुलगी तान्ही होती, मला अमरावतीला जाणं जमत नव्हतं. ती त्यांच्या मांडीवर झोपायची आणि सर एका हातानं गणित मांडायचे. काही स्वर किल्लीच्या नेमक्या दुपटीत आले की लाट अर्धवटच उलटते, हे शेवटी सापडलं. सिद्धांत पायापासून पुन्हा बांधला गेला. मला पदवी मिळाली, नोकरी कायम झाली. सुधारलेल्या सिद्धांतावरच्या आमच्या शोधनिबंधात सरांनी पहिलंच वाक्य स्वतःच्या चुकीबद्दल लिहिलं. ते गाळा, असं मीच सुचवलं होतं. सर म्हणाले, "ते गाळलं तं बाकीच्यावर कोण इस्वास ठेवन?"

आज इतक्या वर्षांनी मी स्वतः मार्गदर्शक आहे. सरांची विद्यार्थिनी म्हणून माझी ओळख करून देतात, तेव्हा माझी मान ताठ होते, आणि ती होऊ देण्यात मला जराही संकोच वाटत नाही.

सरांनी पंचाहत्तरी पूर्ण केली आहे. परवा भेटायला गेले, तर म्हणाले, "जोडाक्षरांत अजून एक शंका हाय मले. कदाचित सगळंच पडन." आणि हे सांगताना त्यांचा चेहरा उजळला होता. सर, तुम्हाला निरोगी, भरपूर आयुष्य लाभो. त्या शंकेचा तुम्ही पाठपुरावा करा. सिद्धांत पडला तर पडू द्या. तुम्ही आहात तोवर आम्ही तो पुन्हा बांधू.