दहीकाल्याची वाटी

कोर्टाने पुन्हा बोलावलं म्हटल्यावर अनुसयाकाकूंना धसका बसायला हवा होता. त्यांना उलट हुरूप आला.

"मिलिंद, मागच्या वेळी माझं बरंच सांगायचं राहिलं होतं रे!"

मला नेमकी हीच काळजी होती.

काकू आमच्या शेजारच्या. यजमान रेल्वेत गार्ड होते. ते गेले, मुलगा नागपूरला स्थायिक झाला, पण काकूंनी झाशी सोडली नाही. त्यांचं हिंदी इतक्या वर्षांत सुधारलं नाही, आणि त्यावाचून त्यांचं अडलंही नाही. "भैया, ये भेंडी जून है," असं ठणकावलं की भाजीवाला मुकाट्याने दुसरी भेंडी तोलतो. घरात काहीही गोडधोड झालं की वाट्या भरून गल्लीभर फिरायचं, हा त्यांचा नेम. वाटी परत घ्यायला गेलं की तासभर गप्पा, हा दुसरा.

दावा समोरच्या नीलमचा होता. तिच्या घरात पुढच्या खोलीत सासरे अंथरुणाला खिळलेले, म्हणून शिवणकामाची गिऱ्हाइकं बोळातून मागच्या दाराने यायची. तिच्या शेजारच्या, झाशीजवळ बिजौलीला छोटा कारखाना असलेल्या विश्वंभर दयालांनी बोळात भिंत घातली आणि नीलमचं मशीन थंडावलं. विश्वंभरजींचं म्हणणं, भिंत वडिलांच्या वेळेपासून आहे. ती दोन वर्षांपूर्वीच उभी राहिली, हे सांगणारी घराबाहेरची साक्षीदार एकच, काकू.

पहिली साक्ष छान झाली होती. काकूंनी सांगितलं, "सावन में, जन्माष्टमी के दूसरे दिन." पण त्यांची उलटतपासणी संपल्यावर वादी म्हणून नीलमची जबानी झाली, आणि तिने भिंतीचा महिना सांगितला भादों, म्हणजे भाद्रपद. विरुद्ध बाजूचे निगम वकील दोन्ही जबान्या शेजारी ठेवून वाचत बसले आणि त्यांनी अर्ज दिला: साक्षीदाराला पुन्हा बोलवा, आम्हाला आणखी विचारायचं आहे. अर्ज मंजूर झाला.

मी रेल्वेच्या लेखा विभागातला माणूस. माझं वर्ष एप्रिलला सुरू होतं आणि मार्चला संपतं. श्रावण-भाद्रपद माझ्या हिशेबात येत नाहीत. मी काकूंना एकच गोष्ट बजावली.

"विचारतील तेवढंच बोलायचं."

"म्हणजे विचारलं नाही तर खरं सांगायचं नाही?"

"काकू!"

"बरं बाबा. गप्प बसते."

कोर्टात निगम वकील गोड हसून उठले. "माताजी, जन्माष्टमी कुठल्या महिन्यात येते?"

"श्रावणात."

"सगळी झाशी भादोंमध्ये करते. तुम्ही महिनाभर आधी करता?"

"कशाला? त्याच रात्री करते. नीलमकडची घंटा मला ऐकू येते की!"

"म्हणजे एकाच रात्री तुमच्याकडे सावन आणि समोरच्या घरात भादों?"

मागे कोणीतरी खुदकन हसलं. काकू पहिल्यांदाच गोंधळल्या आणि त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे पाहिलं. नीलमने पदराचं टोक मुठीत धरलं होतं. काकू खोट्या ठरल्या, तर तिचं मागचं दार कायमचं बंद होणार होतं.

तेवढ्यात जजसाहेबांच्या समोर बसलेले म्हातारे पेशकार, म्हणजे कोर्टाचे कारकून, फायलीतून मान वर काढून म्हणाले, "हुजूर, दक्खिनियों का महीना अमावस पर पूरा होता है, हमारा पूनम पर. इनका सावन अभी चल रहा होता है, हमारा भादों लग जाता है. दिन वही है."

जजसाहेब हसले. काकू मात्र थक्क. "अगंबाई! इतकी वर्षं शेजारी राहून मला पत्ताच नाही!"

निगम वकिलांनी इथे बसायला हवं होतं. पण माणूस चिडलेला.

"दिवस तोच असेल. पण त्याच दिवशी भिंत बांधली, हे तुम्हाला इतकं पक्कं कसं आठवतं?"

मी डोळे मिटले. आता विचारलंच होतं.

"अहो, दहीकाला होता ना! नीलमकडे द्यायला बोळात शिरले, तर मिस्त्री विटा लावतायत. त्यांनाही दिला. विश्वंभरजी उभे होते, त्यांना वाटी भरून दिली. चांगली नाव घातलेली वाटी. ती अजून परत नाही आली!"

मागच्या बाकावरून विश्वंभरजी ताडकन उठले. लालबुंद.

"काकी, झूठ मत बोलिए! उसी शाम लौटाई थी! खाली भी नहीं, बताशे रखकर! दीवार के ऊपर से हाथ बढ़ाकर दी थी, कमर तक ही तो उठी थी तब!"

निगम वकिलांनी कपाळाला हात लावला. जजसाहेब टंकलेखकाला म्हणाले, "हे घ्या लिहून."

निकालापर्यंत गोष्ट गेलीच नाही. पुढच्या तारखेआधी विश्वंभरजींनी तडजोड केली आणि भिंत पाडली. नीलमचं मशीन पुन्हा खडखडू लागलं.

त्याच आठवड्यात काकूंनी मला हाक मारून स्वयंपाकघरात नेलं. साबुदाण्याच्या डब्यामागे वाटी होती. तळाला यजमानांचं नाव.

"अरे, त्यांनी खरंच दिली होती रे," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "आता यासाठी पुन्हा बोलावतील का कोर्टात?"

"नाही हो, काकू."

त्यांचा चेहरा किंचित पडल्यासारखा मला वाटला. मग त्यांनी वाटीत शिरा भरला, वर काजू लावला, आणि मोकळ्या झालेल्या बोळातून विश्वंभरजींच्या दाराकडे चालू लागल्या.