बोर्डावरचा लंकेचा हीरो

देवळीच्या टॉकीजचे बोर्ड रंगवणाऱ्या पेंटरच्या तोंडातली विडी कधी निघत नसे, अगदी मालकाशी बोलतानाही. शाळेत शिकवायला जाताना मी त्याला रोज पाहायचो. मला तो जरा आगाऊच वाटायचा. त्याचं माप ठरलेलं. हीरोचं तोंड बैलगाडीच्या चाकाएवढं, व्हिलनचं ताटाएवढं, बाकीच्यांची वाटीएवढी.

ऐंशीच्या सुमारास एक हिंदी सिनेमा लागला. त्यात एक सिंहली नट दोन सीनपुरता होता. पेंटरनं त्याचंही तोंड चाकाएवढं काढलं.

मालक भडकला. "हा कोन होय? याले इथं कोन ओयखते?"

"सेवाग्रामले गेलतो, तं लंकेचा पाव्हना भेटला. तिकडं हाच हीरो हाये म्हने. आपल्या गावात आला म्हून त्याले वाटीएवढा करू काय?"

"पुसून टाक!"

पेंटर शिडीवरून उतरला आणि ब्रश मालकाच्या हातात दिला. "तुमीच पुसा."

मालकानं पुसलं नाही.

रविवारी तो पाहुणा एसटीनं देवळीला आला. आपल्या माणसाचा चेहरा बघत बोर्डासमोर कितीतरी वेळ उभा राहिला. पेंटर त्याच्या शेजारी जाऊन उभा राहिला आणि त्यानं तोंडातली विडी काढून टाकली.