मामांना कापायचं कसं?

लग्नाच्या व्हिडिओचं मिक्सिंग करण्यात आफशीनचा हात धरणारं कोल्हापुरात कुणी नव्हतं. तिचा नियम एकच. नवरा-नवरी थोडी कमी दिसली तरी चालतील, मामा कापायचे नाहीत. कापलेला मामा पुढच्या बारशाला येत नाही. एवढं सांभाळूनही पडद्यावर नाव यायचं ते स्टुडिओचं. म्हणून गल्लीतला हौशी सिनेमावाला राजवीर आपला भुताचा सिनेमा घेऊन आला आणि शेवटी ‘संकलन : आफशीन’ अशी पाटी देईन म्हणाला, तेव्हा तिने पुढचं काही विचारलंच नाही.

सिनेमा असा, की गडमुडशिंगीच्या उसात हरवलेल्या मित्रांचा मोबाइल सापडतो आणि त्यात निघालेलं चित्रण तेवढं आपण बघायचं. भूत झाले होते राजवीरचे सख्खे मामा, गणपतराव. ऊसही त्यांचाच.

आफशीनने सवयीने हलणारी चित्रं स्थिर केली, अंधार उजळला आणि मामा उसातून बाहेर आले की त्यांना ऐसपैस वेळ दिला. राजवीरने बघून कपाळाला हात लावला. भूत कसलं, मानपानाची वाट बघत ताटकळलेला व्याही दिसत होता.

मग लग्नाच्या चित्रणातून आपण फेकतो काय, हे तिला आठवलं. कॅमेरावाला बटण बंद करायला विसरतो, आणि हातात लोंबणाऱ्या कॅमेऱ्यात येते नुसती जमीन, कुणाची तरी पावलं, कुणाचा तरी श्वास. ते तुकडे बघताना तिला नेहमी कसंतरी व्हायचं. तिने आता तसलेच तुकडे ठेवले आणि आधी ठेवलेलं फेकलं. मामांचा चेहरा वळायच्या आत कात्री. उरलं त्यांनी पांघरलेल्या घोंगड्याचं टोक, हललेला पाला आणि एक खोकला.

शेवटची पाटी लावताना मात्र हात अडला. उसात सापडलेल्या मोबाइलला संकलक कुठला? नाव आलं की माणूस आला, आणि माणूस आला की भीती गेली. तिने पाटी लावली, काढली, पुन्हा लावली. मग काढली ती काढलीच.

दुपारी गणपतराव पेढे घेऊन सिनेमा बघायला आले. तो संपल्यावर त्यांनी विचारलं,

“मी कुठं हाय?”

राजवीरने आफशीनकडे बोट दाखवलं. आफशीन म्हणाली, “मामा, तुमी सगळीकडं हायसा की. नुसतं दिसत न्हाईसा.”

“आन् तुझं नाव येणार हुतं न्हवं?”

“ते बी गेलं तुमच्यासंगं.”

मामांनी पेढ्यांचा पुडा तिच्यापुढे सरकवला. भाच्याला एकही दिला नाही. पायरीवर चपला घालताना त्यांनी उगाच एकदा मागे वळून बघितलं आणि राजवीरला म्हणाले, “आज रात्री उसातली मोटर चालू कराय तू जा.”