काउंटच्या लेकीचं धुणं

त्या वसंतात बुगारबाईंनी ‘हात चुंबते’ म्हणायचं सोडलं, तेव्हाच सिनेनटी वारादी लियोनानं ओळखलं, आपलं आता काही खरं नाही. बुगारबाई इमारतीच्या रखवालदारीण. फाटकाची किल्ली त्यांच्याकडे, आणि कोण कुणाकडे आलं-गेलं याची खबरही त्यांच्याकडेच. इतकी वर्षं जिन्यात गाठ पडली की त्या मान झुकवून ‘हात चुंबते, बाईसाहेब’ म्हणायच्या. आता नुसतं, “काय, बाजारात?”

नवं कम्युनिस्ट सरकार बुडापेस्टमधून जुने सरदार-जहागीरदार उचलून दूरच्या खेड्यांत नेऊन टाकत होतं. पहाटे बेल वाजायची. दुपारपर्यंत त्या घराच्या खिडकीला दुसऱ्याचे पडदे लागायचे. मग एका पहाटे वरच्या मजल्यावरच्या जनरलच्या विधवेला नेलं.

लियोना जहागीरदार नव्हतीच. ती फेरेन्त्सवारोश या कामगारवस्तीतल्या धोबिणीची पोर, खरं नाव बोरोश पिरोश्का. इस्त्रीचे शर्ट पोचवायला स्टुडिओत गेली आणि नायकाला थोबाडीत मारायला कुणीतरी हवं होतं, म्हणून कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. तिनं अशी काही लगावली की दिग्दर्शकानं तिला ठेवूनच घेतलं. जाहिरातवाला म्हणाला, “धोबिणीच्या पोरीचा सिनेमा कोण बघणार? आजपासून तू वारादी लियोना, काउंटची लपवलेली लेक. विचारलं तर गप्प बसायचं. गप्प बाई खानदानी दिसते.”

ती गप्प बसली. उच्चार घासून पुसून घेतले, हात मलईत बुडवले, आईला सिनेमाच्या उद्घाटनाला येऊ दिलं नाही. एकामागून एक सिनेमे झाले. मग युद्ध आलं. बॉम्बखाली आई गेली, आणि पिरोश्काला ओळखणारी सगळी गल्लीही. नंतर स्टुडिओ सरकारी झाला. लियोना अंधाऱ्या खोलीत परदेशी सिनेमातल्या बायकांना आवाज देऊन पोट भरू लागली. मागच्या हिवाळ्यात एकदम भूमिका चालून आली, शेतमजुरांना चाबकानं फोडणाऱ्या काउंटेसची. सरकारी सिनेमात काम म्हणजे सरकारच्या पदराखाली आलो, असं तिला वाटलं. तिनं जीव ओतला.

सिनेमा बघून आलेल्या बुगारबाई म्हणाल्या, “काटा आला हो अंगावर. असलं काही शिकून येत नाही. रक्तातच लागतं.”

विधवेला नेलं त्याच संध्याकाळी लियोना कॉम्रेड दुदाशच्या दारात उभी राहिली. दुदाश पूर्वी ट्रामचा कंडक्टर होता, आता इमारतीवर पक्षाचा माणूस. कोण राहणार, कोण जाणार, हे त्याच्या एका शब्दावर होतं. तो चाकूनं डुकराच्या चरबीचे काप काढून कांद्याबरोबर खात होता.

“कॉम्रेड, मी धोबिणीची मुलगी आहे.”

“आणि मी पोपचा भाचा.”

“खरं सांगतेय.”

“बाई, माझ्या बायकोच्या ट्रंकेत तुमचा फोटो आहे. गढीसमोर, पांढऱ्या घोड्यावर.”

“घोडा स्टुडिओचा होता. गढी पुठ्ठ्याची.”

“आणि तुम्ही?” त्यानं चाकू पुसला. “साक्षीला कोण आहे?”

“कुणी उरलं नाही.”

“मग हात दाखवा.”

तिनं दाखवले. तो त्या मऊ, गोऱ्या बोटांकडे बघत राहिला, मग कांदा चावू लागला.

“रविवारी अंगणात धुण्याचं भांडं चढवा,” लियोना म्हणाली. “मी धुऊन दाखवते. धोबीण आहे की नाही, तुम्हीच ठरवा.”

रविवारी सगळ्या मजल्यांच्या सज्ज्यांवर माणसं ओणवून उभी होती. लियोनानं डोक्याला फडकं बांधलं, बाह्या वर सारल्या. राखेचं पाणी बोटानं जिभेच्या टोकाला लावलं, थुंकली, आणखी राख घातली. शर्टांच्या गळपट्ट्या खाचांच्या फळीवर बोटांच्या पेरांनी घासल्या. चादर कोपरावर गुंडाळून पिळली, तशी आई पिळायची. बोटांची सालटी निघाली, पाणी लाल झालं. घशात अडकलेली गल्लीची बोली मोकळी झाली आणि ती वर बघून ओरडली, “ए बुगारे, काय थोबाड पसरून बघतेस? उतर खाली, दुसरं टोक धर.”

सज्जे हास्यानं दणाणले. मग टाळ्या सुरू झाल्या, थांबेचनात.

दुदाशनं डोळे पुसले. “माझी आजी अश्शीच थुंकायची. कुठून उचललंत हो हे?”

“कुठून उचलणार? हा अभिनय नाही.”

दुदाश वर वळून म्हणाला, “ऐकलंत? अजून भूमिका सोडत नाहीत.”

पुन्हा टाळ्या पडल्या. लियोना ओल्या चादरीसह उभी होती. खाली वाकून नमस्कार करायचा की नाही, हे तिला कळेना. शेवटी सवयीनं गुडघा किंचित लवला, खानदानी बायका लववतात तसा. ते बघून दुदाशचं हसू मावळलं.

दुसऱ्या दिवशी बुगारबाई न विचारताच घरात आल्या. गोड बोलत होत्या. कोपऱ्यातल्या, खोली गरम करायच्या टाइलच्या भट्टीवरून त्यांनी तळवा फिरवला.

“ही नीट पेटते का हो?”

लियोनाच्या बोटांना पट्ट्या होत्या.

“दमट हवा असली की धूर खोलीत येतो. झडप अर्धी उघडी ठेवायची.”

“अर्धी. बरं.” बुगारबाई खिडकीशी गेल्या. “आणि ऊन सकाळचं की दुपारचं? नाही, आमच्या सुनेला सकाळचं लागतं.”

“सकाळचं,” लियोना म्हणाली, आणि पलंगाखालची सुटकेस बाहेर ओढली.