धुरावर वाळलेला थेंब

डॉक्टर सुमेधाताई सुई टोचण्याआधी बाळाची माफी मागत. “रागावू नकोस राजा, तुझ्याच कामाचं आहे,” असं म्हणत टाचेतून थेंब काढून कागदावर घेत. जव्हार-मोखाड्याच्या पाड्यांवर लोक त्यांना ‘रगतवाली बाई’ म्हणत. मी त्यांचा सहायक. बाई भलत्या हट्टी. स्वतः उपाशी राहतील, पण कागद सावलीतच वाळला पाहिजे.

जामसरच्या जानीची थोरली मुलगी झटके येऊन येऊन लुळी पडली होती. शरीरातलं एक जीवनसत्त्व पुन्हा वापरात आणणारं विकर, म्हणजे एन्झाइम, तिच्या पेशींत नव्हतं. त्याच जीवनसत्त्वाची गोळी जन्मापासून मिळती, तर पोर धावली असती. आता जानीला मुलगा झाला होता, आणि त्याच्या थेंबाच्या कागदाचं मुंबईच्या प्रयोगशाळेतून उत्तर आलं: विकर नाही.

ताई गोळ्या घेऊन धावल्या. जानीची सासू ऐकून म्हणाली, “असा कसा? तुम्ही फुडच्या घरात गेल्या तवा मीच कागद नीट वाळवला. चुलीवरच्या टोपलीत, नागलीच्या बियाणाजवळ. दमट नको म्हणून.”

मी कपाळाला हात लावला. हे विकर उष्णतेनं मरतं. आलेलं उत्तर बाळाचं की चुलीचं, कोण सांगणार?

“चूक माझी. कागद सोडून गेले,” ताई म्हणाल्या. “पुन्हा थेंब हवा.”

“गोळी देता ना? मंग परत टोचायचा नाय.” सासूनं बाळ पदराखाली घेतलं.

“गोळी आजच सुरू. उगाच दिली तरी अपाय नाही. पण जन्मभर द्यायची का, ते कळायला नको?”

सासू बाळ सोडेना, ताई हलेनात. शेवटी जानीनंच बाळाची टाच पुढे केली. कागद वाळेपर्यंत ताई राखणीला बसल्या.

उत्तर येईपर्यंत त्यांनी माझा जीव खाल्ला. फोन वाजला की दचकायच्या आणि मलाच ओरडायच्या. मीही आतून धास्तावलो होतो.

उत्तर आलं: विकर भरपूर होतं. गोळी बंद करायला सांगायचं म्हणून आम्ही आनंदानं जामसरला गेलो. सासूनं बाळाची दृष्ट काढली. जानी मात्र हसली नाही. थोरलीला मांडीवर घेऊन म्हणाली, “बाई, ही जल्मली तवा ही गोळी होती?”

ताईंनी आज खोटं बोलावं, असं मला मनापासून वाटलं.

“होती,” ताई म्हणाल्या. “आम्ही पोचलो नव्हतो.”

जानीनं मुलीच्या केसांतून हात फिरवला. मग म्हणाली, “वरच्या पाड्यावर माझ्या बहिणीचे दिस भरलेत. इथं बसू नका.”