वरच्या बारा पट्ट्या

आमचे हे एकेचाळीस वर्षं पियानो लावत आलेत. वाजवायचं म्हणाल तर एक गाणं धड येत नाही. खुंटी पिळायची, कान द्यायचा, पुन्हा पिळायची, एवढंच काम. लग्नाआधी हत्यारांची पिशवी बघून मला तर हे सुतारच वाटले होते.

यांचे गुडघे गेल्यापासून पिशवी मी उचलते. संगीतशाळा तिसऱ्या मजल्यावर. हे आत काम करतात, मी बाहेर बाकावर टेकते. गेल्या महिन्यात तिथल्या गाण्याच्या बाई शेजारी येऊन बसल्या नि बराच वेळ चष्मा पुसत राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, सहा महिने झाले, पियानोच्या वरच्या टोकाच्या बारा पट्ट्या किंचाळतात. यांना बारीक सूर नीट ऐकू येत नाहीत, ते उतरलेलेच वाटतात, म्हणून हे तारा चढवतच जातात. दुसऱ्या दिवशी बाई वेगळा माणूस बोलावून त्या उतरवून घेतात. यांना सांगायला त्यांची जीभ रेटेना. तुम्हीच सांगा, म्हणाल्या. म्हणजे वाईटपणा माझ्या वाट्याला.

आठ दिवस मी ते पोटात ठेवलं. किटलीची शिट्टी वाजली तरी हे उठत नाहीत, तो मी इतके दिवस आळस समजत होते.

शेवटी हे गरम पाण्यात पाय सोडून बसले असताना सांगून टाकलं. मोठ्यानं सांगावं लागलं. भांडण लागलं की काय म्हणून सून दारातून डोकावून गेली.

यांनी पाय बाहेर काढून पंचानं पुसले. मग म्हणाले, "तो उतरवतो, ते नीट उतरवतो का?"

"मला काय कळतंय त्यातलं?"

"बाईंना विचारायचं होतंस."

पुढच्या खेपेला यांनी बाईंना सांगून त्या माणसालाही बोलावून घेतलं. खालपासून सगळ्या तारा स्वतः लावल्या आणि वरच्या बारांपाशी थांबले. स्टुलावरून एका दमात उठवेना. दुसऱ्यांदा उठले नि खुंट्या पिळायची आपली किल्ली त्या माणसाच्या हातात दिली.

तो चांगला पन्नाशीचा, टकल्या, पण पोरासारखा बावरलेला. पट्टी वाजवायचा नि यांच्या तोंडाकडे बघायचा.

"माझ्याकडे काय बघतोस?" हे म्हणाले. "मला नाही ऐकू येत."

घरात कुणापाशी यांनी हे कबूल केलं नव्हतं. मग बाराही पट्ट्या होईपर्यंत हे त्याच्या मनगटावर नजर ठेवून उभे राहिले.

उतरताना दुसऱ्या मजल्यावर आम्ही दोघंही पायरीवर टेकलो.

"हात बरा आहे त्याचा," हे म्हणाले. "घाई करत नाही."

पुढच्या महिन्यात यायचं का, मी विचारलं.

"खालचं येतंय अजून ऐकू," म्हणाले, आणि कठड्याला धरून उठले.